बांधावरचा बंदोबस्त

शेताच्या बांधावर पोलीस येता कामा नयेत, असं मी पूर्वी ठासून सांगत असे. शाळेत नोकरी झालेली, नंतर गावच्या तंटामुक्त समितीचं अध्यक्षपद आलं, त्यामुळे लोक ऐकून घेत. मोजणीला बंदोबस्त मागायला निघालेल्या कितीतरी जणांना मी पारावर बसवून घेतलं आणि अर्ज खिशात ठेवायला लावला. आज माझं मत नेमकं उलट आहे. जिथे एक बाजू दुसरीला टेप टाकू देत नाही, तिथे मोजणीच्या दिवशी पोलीस असलेच पाहिजेत आणि ज्याने ते मागितले त्याला गावाने नावं ठेवू नयेत, असं मी आता मानतो. हे मत कसं पालटलं ते सविस्तर लिहितो, कारण माझं जुनं मत आजही गावोगावच्या जाणत्या माणसांचं मत आहे.

त्या जुन्या मताला पाया होता. बांधशेजाऱ्याशी संबंध रोजचा असतो. रात्रीच्या विजेवर पाणी धरायला गेलं की अंधारात दुसरी बॅटरी त्याचीच दिसते. विहीर सामाईक, पाइपलाइन एकमेकांच्या रानातून गेलेली. बैल सुटला तर तोच धरून आणतो, कुणाला साप चावला तर त्याच्याच मोटारसायकलवरून दवाखाना गाठावा लागतो. बहुतेक वेळा तो भावकीतलाच असतो. त्याच्या रानात खाकी कपडे नेले की लग्नकार्य, मयत, काही उरत नाही. पोरासोरांपर्यंत बोलणं बंद होतं. पोलीस संध्याकाळी ठाण्यात परत जातात आणि शेजारी मात्र जन्मभर तिथेच असतो. हे सगळं खरं आहे आणि आजही मला पटतं.

त्यात 15 ऑगस्ट 2007 रोजी महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली. तेव्हाचे गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी ती मनापासून चालवली. ग्रामसभेतून समिती, सोबतीला पोलीस पाटील आणि बीट अंमलदार, आणि गावातले तंटे गावातच मिटवायचे. आम्हाला ते काम फार मोलाचं वाटलं. बांधाचा वाद आला की दोन्ही घरांतल्या वडीलधाऱ्यांना बोलवायचं, चहा ठेवायचा, एखाद्या म्हाताऱ्या सालगड्याला विचारायचं, "आबा, जुना बांध कुठनं जात होता?" तो बोरीचं खोड दाखवायचा, एखादा अर्धा पुरलेला दगड दाखवायचा. मग दोरी धरायची, फक्की मारायची आणि तडजोडनाम्यावर दोघांच्या सह्या घ्यायच्या. अशा कितीतरी दोऱ्या आजही जागच्या जागी आहेत. दोन सख्खे भाऊ, दोघांची ताकद सारखी, दोघांकडे माणसं सारखी. तिथे ही रीत फार चांगली चालते. तिथे पोलिसांचं काही काम नाही.

माझं मन पालटायला सुरुवात झाली ती समितीचं दप्तर नव्या मंडळींच्या हवाली करताना. जुने तडजोडनामे क्रमाने लावायचे होते, म्हणून ते सलग वाचले. एकेक मिटवताना जे दिसलं नव्हतं, ते सगळे एकत्र वाचताना दिसलं. प्रत्येक कागदात कुणीतरी काही पावलं सोडलेली होती. दोन सऱ्या, एक वाफा, विहिरीकडची वाट, कडेचं आंब्याचं झाड. आणि सोडणारे कोण? नवरा गेलेली बाई. पोरं पुण्याला कंपनीत गेल्यामुळे गावात एकटा राहिलेला म्हातारा. माहेरच्या हिश्शावर नाव लागलेली लेक. गावात एकच घर असलेल्या जातीचा शेतकरी. ज्यांच्या मागे चार माणसं उभी राहत होती, त्यांनी काही सोडल्याचा कागद शोधून सापडेना. बैठकीत आम्ही नेहमी म्हणायचो, "शहाण्याने माघार घ्यावी." कागदांवरून असं दिसत होतं की गावात शहाणपण कायम अशक्त माणसाच्याच वाट्याला येत होतं.

त्याच सुमारास आमच्या गावातल्या एका वहिनींचं प्रकरण पुढे आलं. त्यांचे पती माझ्या बरोबरीचे. ते गेले, मुलगी शिकायला बाहेर, वहिनी एकट्या रान पाहतात. पूर्व-पश्चिम लांबट पट्टा, पूर्वेला ओढा, उत्तरेला चुलत दिरांचं रान. बांध कोरणं म्हणजे काय, हे ज्यांनी शेती केली नाही त्यांना सांगायला हवं. ते एका दिवसात होत नाही. नांगरटीला ट्रॅक्टरचा फाळ बांधाच्या पायथ्याला वीतभर आत लागतो आणि माती आपल्या बाजूला पलटते. पुढच्या वर्षी कुळव तिथूनच फिरतो. बांधावरची बाभूळ मुळं उघडी पडून वाळते, मग सरपणाला जाते. बांधाची रुंदी पाऊलवाटेएवढी होते, पुढे माणसाला एका पायावर तोल सांभाळत जावं लागतं आणि शेवटी दोन रानांच्या मधे नुसती गवताची रेघ राहते. कोपऱ्यावरचा हद्दीचा दगड एके उन्हाळ्यात जागेवर नसतो आणि तो कुणी काढला हे कुणालाच माहीत नसतं.

वहिनींनी भूमी अभिलेख कार्यालयात पैसे भरून हद्द कायम मोजणी मागितली. लगतच्या कब्जेदारांना रीतसर नोटिसा गेल्या. ठरल्या तारखेला भूकरमापक आले, सोबत एक मदतनीस, खांद्यावर मोजणीच्या रोव्हर यंत्राची काठी. चुलत दीर आणि त्यांची मुलं बांधावर येऊन उभी राहिली. शिवी नाही, मारहाण नाही. एवढंच म्हणाले, "आमच्या रानात पाय ठेवायचा नाही." भूकरमापक तरुण होता, जवळपास एकटाच होता. त्याने लगत कब्जेदारांच्या हरकतीमुळे मोजणी झाली नाही अशी नोंद केली, पंचांच्या सह्या घेतल्या आणि निघून गेला. वहिनी संध्याकाळी माझ्याकडे आल्या. "गुरुजी, बंदोबस्त मागू का?"

मी नेहमीचं उत्तर दिलं. म्हणालो, "थांबा वहिनी, मी बोलतो त्यांच्याशी." बोललो. थोरले दीर माझ्याशी अदबीनेच वागले. सुगी झाल्यावर बसू म्हणाले. सुगी झाली, मग लग्नसराई होती. ती संपली, मग पेरणी. पुढच्या वर्षीही तेच. ते मला कधी नाही म्हणाले नाहीत आणि बसलेही नाहीत. दरम्यान नांगर फिरतच होता. एकदा वहिनी शांतपणे म्हणाल्या, "गुरुजी, तुम्हाला त्यांना थांबवता येत नाही. तुम्ही मलाच थांबवताय."

या वाक्याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. आपण दोघांच्या मधे उभे आहोत असं मी समजत होतो. वहिनींच्या जागेवरून पाहिलं तर मी त्यांच्या वाटेत उभा होतो.

मग मी तालुक्याच्या वकिलांकडे बसून कायदा समजून घेतला आणि माझ्या जुन्या सल्ल्यात किती जोखीम होती ते कळलं. गाव सबुरी शिकवतं, कायदा मात्र मुदत मोजतो. जमिनीवरून कुणी बेकायदा हुसकावलं तर स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट, 1963 च्या कलम 6 खाली, मालकीच्या वादात न शिरता ताबा परत मागता येतो. पण दावा 6 महिन्यांच्या आत लावावा लागतो. मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदारांकडे जायचं तरी मुदत 6 महिन्यांचीच. जमिनीवरून शांतता भंग होण्याचा धोका असेल तर पोलिसांच्या अहवालावरून कार्यकारी दंडाधिकारी चौकशी करतात. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 145 होतं, 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 164 आहे. तिथे मालक कोण हे पाहत नाहीत, प्रत्यक्ष ताबा कुणाचा एवढंच पाहतात. जबरदस्तीने हुसकावलेल्या माणसाला ताबेदार धरायची सोय त्यात आहे, पण ते हुसकावणं अहवाल पोहोचण्याच्या आधीच्या 2 महिन्यांतलं असावं लागतं. आणि कुणी 12 वर्षं उघडपणे, हक्क सांगत, खंड न पडू देता जमीन वहिवाटली तर प्रतिकूल ताब्याचा मुद्दा उभा राहतो. "सुगी झाल्यावर बसू" म्हणत गेलेला प्रत्येक हंगाम या मुदतींतून कापला जातो. ज्याच्या हातात नांगर आहे त्याचा वाट पाहण्यात फायदा असतो आणि ज्याचा बांध झिजतो आहे त्याचा तोटा. दोघांना सारखंच "थांबा" सांगणारा मध्यस्थ नकळत एकाच्या पारड्यात वजन टाकतो.

ठाण्यात गेलं की एक उत्तर हमखास मिळतं, "दिवाणी बाब आहे, कोर्टात जा." जास्तीत जास्त अदखलपात्र नोंद होते आणि हातात समजपत्राचा कागद पडतो. मीही लोकांना हेच सांगत असे की पोलिसांचा जमिनीशी संबंध नाही. यातला अर्धा भाग खरा आहे. जमीन कुणाची, हद्द कुठून जाते, हे ठरवण्याचा पोलिसांना अधिकार नाही आणि तो कधी देऊही नये. पण हद्द ठरवायला आलेल्या सरकारी माणसाला त्याचं काम करू देणं ही दिवाणी बाब नाही. हद्दी ठरवणं, खुणा कायम करणं हे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 ने महसूल आणि भूमापन अधिकाऱ्यांवर टाकलेलं काम आहे. त्यांना अडवणं हा गुन्हा आहे आणि सरकारने बसवलेली हद्दीची खूण उपटणं हाही गुन्हा आहे. तेव्हा मोजणीच्या दिवशीचा पोलीस रेषेच्या कुठल्याच बाजूचा नसतो, तो मोजणीच्या बाजूचा असतो. या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या की माझ्या जुन्या आक्षेपातला बराचसा भाग गळून पडतो.

बांध ही दोन घरांची खासगी गोष्ट आहे आणि बाहेरच्याने त्यात पडू नये, असंही आपण म्हणतो. इतिहास तसा नाही. आपल्याकडे हद्दीला नेहमीच कुणीतरी सार्वजनिक साक्षीदार राहिला आहे. गावच्या शिवेचा वाद निघाला की महार वतनदाराची साक्ष निर्णायक मानत. पुढे इंग्रजी अमलात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी 1836 पासून इंदापूर तालुक्यात जी पाहणी केली, तिच्यातून मुंबई इलाख्याची भूमापनाची पद्धत उभी राहिली. सर्व्हे नंबर पडले, कोपऱ्यांवर दगड रोवले गेले, टिपणं लिहिली गेली. आपण ज्याला बापजाद्यांचा बांध म्हणतो, त्यातला बराचसा त्या सरकारी साखळीनेच आखलेला आहे. सरकारने आखलेली रेष पुन्हा पाहायची असेल तर सरकारच्या संरक्षणात पाहिली, यात शेजारधर्म कुठे बुडतो?

वहिनींनी अर्ज केला. या वेळी मी बरोबर गेलो. आधीच्या मोजणीत हरकत झाल्याची नोंद जोडली, भूमी अभिलेख कार्यालयाचं पत्र घेतलं, ठाण्यात दिलं, बंदोबस्ताचे पैसे चलनाने भरले. तारीख जुळणं हेच मोठं काम असतं. भूकरमापकाची तारीख असते तेव्हा पोलीस जत्रेच्या नाहीतर निवडणुकीच्या बंदोबस्तात असतात. पोलीस मोकळे असतात तेव्हा रानात तूर उभी असते. रब्बी निघाल्यापासून पाऊस पडेपर्यंतची खिडकी लहान असते, ती चुकली की वर्ष गेलं. उन्हाळा संपायच्या आत तारीख मिळाली.

सकाळी एक हवालदार आणि दोन महिला अंमलदार आले. थोरले दीर, त्यांची मुलं, भावकीतले काही जण आधीच बांधावर होते. माझी छाती धडधडत होती. हवालदारांनी दोन्हीकडच्यांना लिंबाच्या सावलीत बोलावलं आणि मोजकं बोलले. "मोजणी साहेब करतील. आम्ही रेष ओढणार नाही आणि कुणाची पुसणार नाही. ज्याची हरकत असेल त्याने कागदावर द्यावी, साहेब घेतील. रानात आडवं कुणी यायचं नाही, त्यांच्याकडच्यांनी नाही आणि वहिनींच्या बाजूच्यांनीही नाही." नंतर दिवसभर ते फारसं बोललेच नाहीत. पाण्याची बाटली स्वतःची, डबा स्वतःचा. वहिनींनी चहा आणला तर नको म्हणाले. मला ते फार योग्य वाटलं. एका घरचा चहा घेतला असता तर दुसऱ्या घराने ते डोळ्यांत साठवलं असतं.

भूकरमापकांनी आधी शिवेवरचा जुना दगड शोधला, मग ओढ्यापलीकडच्या गटाचा कायम कोपरा. त्या पक्क्या बिंदूंवरून काम सुरू झालं. रोव्हर ठेवायचा, वाचन घ्यायचं, जुन्या टिपणाशी ताडून पाहायचं. धाकटा पुतण्या म्हणाला, "तुमच्या मशीनवर आमचा भरवसा नाही." भूकरमापकाने राग न धरता टिपणाची नक्कल उघडली आणि साखळी-आण्यांचे आकडे वाचून दाखवले. 33 फुटांची साखळी, तिचे 16 आणे. 33 फूट लांब आणि 33 फूट रुंद म्हणजे 1 गुंठा. 40 गुंठ्यांचा एकर. भावकीतल्या एका म्हाताऱ्यांनी तरुणपणी साखळीची मोजणी पाहिलेली होती. ते पुढे सरकले आणि आणे मोजायला लागले. पोरांना रोव्हर पटत नव्हता, म्हाताऱ्यांचे आणे पटले. दुपारपर्यंत फक्कीच्या खुणा झाल्या आणि खुंट ठोकले गेले.

निकाल कुणालाच अपेक्षित नव्हता. पश्चिमेच्या टोकाला दिरांची वहिवाट वहिनींच्या गटात चांगलीच आत आलेली होती. मात्र पूर्वेला, ओढ्याच्या अंगाला, बांध वाकडा होता आणि तिथे वहिनींच्याच दोन सऱ्या दिरांच्या गटात निघाल्या. ते कधी झालं हे वहिनींनाही ठाऊक नव्हतं. कदाचित पुरात ओढ्याने काठ खाल्ला तेव्हा. वहिनी लगेच म्हणाल्या, "त्यांच्या असतील तर त्यांना देते. लिहून घ्या." थोरले दीर बराच वेळ खुंटाकडे बघत राहिले. मग भूकरमापकाला म्हणाले, "पश्चिमेचं एकदा परत दाखवा." त्याने परत दाखवलं. मग ते वहिनींकडे न बघता म्हणाले, "उन्हाळी भुईमूग निघू दे, सोडतो." तेही लिहून घेतलं गेलं.

इतक्या वर्षांत त्या दोन घरांमधलं ते पहिलं खरं बोलणं होतं. माझ्या पारावरच्या बैठकांत जे झालं नाही ते पोलिसांच्या सावलीत झालं. का झालं, याचा मी खूप विचार केला. पारावर बसताना दोघांसमोर आकडाच नसायचा. एकाची समजूत आणि दुसऱ्याची समजूत, यांच्यात तडजोड म्हणजे ज्याचा आवाज मोठा त्याच्याकडे झुकलेली तडजोड. आकडा समोर यायला मोजणी लागते, आणि अडवणारा उभा असेल तर मोजणी व्हायला बंदोबस्त लागतो. पोलिसांनी तिथे कुणाला काहीच दिलं नाही. त्यांनी फक्त त्या दिवसापुरती दोन्ही बाजूंची ताकद सारखी केली. सारख्या ताकदीच्या माणसांत समेट होतो, हे तर मला तडजोडनाम्यांनीच शिकवलं होतं.

प्रत्येक ठिकाणी असं गोड होत नाही, हे मी जाणतो. मोजणी मान्य नसेल तर निमताना मोजणी, म्हणजे वरिष्ठांकडून फेरमोजणी, मागता येते आणि ती मागणाऱ्याला अडवू नये. खुणा झाल्या म्हणून ताबा आपोआप येत नाही. महसूल संहितेच्या रीतीने हद्दीचा निर्णय झाला असेल तर कलम 138 खाली अतिक्रमण काढण्याची तरतूद आहे. नाहीतर दिवाणी न्यायालयात दावा लावावा लागतो. तिथेही न्यायालय स्थानिक पाहणीसाठी कमिशनर नेमू शकतं. हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये म्हटलं की वाद हद्दीच्या आखणीचा असेल तेव्हा असा कमिशनर नेमायला हवा. मनाई हुकूम असूनही समोरचा ऐकत नसेल तर त्याच न्यायालयाकडे पोलीस मदतीचा आदेश मागता येतो. वाट लांब आहे, पण प्रत्येक टप्प्यावर बिनतकरार मोजणीचा नकाशा हातात असणं आणि नसणं, यात जमीन-अस्मानाचा फरक पडतो.

आणि बंदोबस्ताबद्दल माझ्या मनात जी जुनी धास्ती होती, तिचा एक भाग मी आजही सोडलेला नाही. आदेश नसताना जेसीबीबरोबर येऊन कुणाची भिंत पाडायला उभे राहणारे पोलीस मला मान्य नाहीत. ठाण्यात रात्रभर बसवून घेतलेली तडजोडही मला मान्य नाही. ती माझ्या पारावरच्या तडजोडीपेक्षा वाईट, कारण तिथे भीती उघड असते. पोलीस संरक्षण मागण्याच्या आडून दिवाणी हक्कच पदरात पाडून घेता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये एका निकालात स्पष्ट केलं आहे आणि ते रास्त आहे. गबर माणूसही बंदोबस्त मागू शकतो, आणि बऱ्याचदा त्यालाच तो लवकर मिळतो. म्हणून बंदोबस्त हा मोजणीसाठी असावा, खुणा रोवण्यासाठी असावा, न्यायालयाचा किंवा महसूल अधिकाऱ्याचा हुकूम अमलात आणण्यासाठी असावा. ताबा घेण्यासाठी भाड्याने आणलेलं बळ म्हणून तो कधीही नसावा.

खर्चाचाही विचार व्हायला हवा. मोजणीची फी भरायची, ती वाया गेली की पुन्हा धावपळ करायची, वरून बंदोबस्ताचे पैसे. तुकड्याच्या मालकाला हे झेपत नाही. अडवणूक झाल्याची नोंद सरकारी माणसाने स्वतः केली असेल तर पुढच्या बंदोबस्ताचा भार अडवल्या गेलेल्या माणसावर पडू नये, तो अडवणाऱ्याकडून वसूल व्हावा, असं माझं स्पष्ट मत झालं आहे.

मोजणीनंतर समेटाला दारं उघडी आहेत, ती गावाने वापरावीत. राज्य सरकारने 2023 मध्ये सलोखा योजना आणली. एकाच्या नावची शेतजमीन दुसऱ्याकडे आणि दुसऱ्याच्या नावची पहिल्याकडे, असा ताबा किमान 12 वर्षांचा असेल तर अदलाबदलीच्या दस्ताला 1000 रुपये मुद्रांक शुल्क आणि 1000 रुपये नोंदणी फी एवढ्यावर काम करण्याची तरतूद तिच्यात झाली. समितीतल्या मंडळींनी आपली सगळी गोडी, सगळं वजन तिथे खर्च करावं. आंब्याच्या झाडाचं काय, विहिरीच्या वाटेचं काय, उभं पीक कुणी काढायचं, हे प्रश्न कुठलाही भूकरमापक सोडवू शकत नाही. ते सोडवायला जाणती माणसंच लागतात.

विदर्भात धुऱ्यावरून, कोकणात गडग्यावरून, शहरात कंपाउंडच्या भिंतीवरून हेच चालतं. तपशील बदलतो, पण अडवणारा आणि अडलेला यांची जोडी तीच असते. म्हणून माझ्यासारख्या, ज्यांचं चार माणसं ऐकतात अशा सगळ्यांना माझी विनंती आहे. तुमच्याकडे कुणी बंदोबस्ताबद्दल विचारायला आलं तर आधी पाहा की समोरचा मोजणी होऊ देतो का. देत असेल तर जरूर बसवा, बोला, दोरी धरा. देत नसेल तर त्या माणसाला थांबवू नका. अर्ज लिहायला मदत करा आणि मोजणीच्या दिवशी जाऊन पंच म्हणून सही करा. ठाण्यातल्या अधिकाऱ्यांना विनंती आहे की "दिवाणी बाब" म्हणून हात झटकू नका. दोन माणसं पाठवा, त्यातली एक महिला अंमलदार असू द्या आणि त्यांना रेषेबद्दल चकार शब्द काढू देऊ नका. जे बांधावर आडवे उभे राहतात त्यांना एवढंच सांगेन की तुमची हद्द खरी असेल तर मोजणीत तीच निघेल, मग अडवता कशाला? आणि ज्या बहिणी, जे म्हातारे बापे शेजाऱ्याला वाईट वाटेल म्हणून वर्षानुवर्षं गप्प आहेत, त्यांना मी आता सांगतो: बंदोबस्त मागण्यात कसलाही कमीपणा नाही. आधी मोजणी करून घ्या, समेट त्यानंतर करा. आणि अर्ज या पावसाळ्याच्या आत द्या.